नानांच्या टाकीतलं दीड लिटर

नाना,

आज शनिवार. सकाळी चहाचा पहिला घोट घेतला आणि कान आपोआप गॅलरीकडे गेले. तिथून तुमचा आवाज यायचा, "सूनबाई, खाजाकडं पार्ट आला का?" तीन वर्षं, दर शनिवारी. शुक्रवारी खाजाभाईचं गॅरेज बंद, म्हणून चौकशीचा वार शनिवार. आणि मी ओट्याकडे तोंड करून सांगायचे, "नाही हो नाना, अजून नाही." आज कुणी विचारलं नाही. तुम्हाला जाऊन सोळा दिवस झाले.

पार्ट येणारच नव्हता, कारण तो कुणी मागवलाच नव्हता. तुमच्या स्कूटरचं इंजिन कधी जाम झालं नव्हतं नाना. मी खोटं बोलले होते. गाडी ठणठणीत होती, फक्त टाकी रिकामी होती. आणि ती मी रिकामी केली होती, भर दुपारी, तुम्ही आत झोपलेले असताना.

हे मला तुम्हाला तोंडावर सांगायचं होतं. निदान दीडशे शनिवार हातात होते, एकाही शनिवारी जमलं नाही. पस्तीस वर्षं शाळेत मराठी शिकवलं, सत्याचं महत्त्व यावर पोरांकडून निबंध लिहून घेतले, त्यातल्या चुकांवर लाल शाई ओतली, आणि घरी सासऱ्याशी बिनदिक्कत खोटं बोलत राहिले. आता ऐकायला तुम्ही नाही, तर लिहायला बसले आहे. अशी ही माझी हिंमत.

लग्न होऊन पुण्याहून हैदराबादला, चिक्कडपल्लीत आले तेव्हा पहिल्याच आठवड्यात मी तुम्हाला विचारलं होतं, "तुम्ही पेट्रोल पंपावर असता ना?" तुम्ही पेपरातून डोकं वर न काढता म्हणालात, "पंप पाण्याचा असतो. पेट्रोलचा बंक." मला वाटलं, झालं, सासरा खडूस मिळाला. पुढे कळलं की गौलीगुड्याच्या बस स्टँडजवळच्या त्या बंकवर तुम्ही मिसरूड फुटायच्या आधी लागला होतात. हातानं दांडा मारून वरच्या काचेच्या नळकांड्यात पेट्रोल चढवायचं आणि मग ते गाडीत सोडायचं, तिथपासून तुमची सुरुवात. शेवटी मॅनेजर झालात, पण सकाळी जमिनीखालच्या टाकीत पितळी गज सोडून किती पेट्रोल आहे ते मोजायचं काम तुम्ही कुणाला दिलं नाहीत.

घरीही तीच खोड. सीट उचलायची, टाकीचं झाकण काढायचं, सागवानी काठी आत बुडवायची, वर काढून उजेडात धरायची. काठीवर चाकूनं पाडलेल्या खाचा होत्या. मग ती नाकाशी न्यायची, कशासाठी ते देवाला ठाऊक, आणि जाहीर करायचं, "दीड लिटर हाय. जाऊन येऊन होतंय." तुमचा सगळा हिशोब जाऊन-येऊनचा. नुसतं जाण्यापुरतं पेट्रोल घालून निघणाऱ्याला तुम्ही सरळ हौला म्हणायचात. हौला म्हणजे अर्धवट, हे मला शब्द ऐकून नाही, तुमचं तोंड बघून कळलं होतं.

हे जाऊन-येऊन कुठून आलं, ते तुम्ही मला एकदाच सांगितलंत. सासूबाईंचं वर्षश्राद्ध होतं, पाहुणे गेले होते, आपण दोघं भांडी पुसत होतो. दुसऱ्या महायुद्धाचे दिवस. सगळं पेट्रोल फौजेला, आणि बसच्या पाठीला कोळशाची भट्टी बांधलेली. तिच्या धुरावर बस चालायची. परभणीकडच्या गावाहून निरोप आला की आजी अत्यवस्थ आहे. तुमचे वडील तुम्हाला कडेवर घेऊन हैदराबादहून निघाले. चढ आला की बस दम टाकायची, माणसं उतरून ढकलायची, क्लीनर भट्टी फुंकत बसायचा. वाटेत एक रात्र काढावी लागली. गावात पोचलात तेव्हा नदीवरून माणसं परत येत होती. "माझ्या बापानं आईचं तोंड बघितलं नाही," तुम्ही म्हणालात. "कोळशामुळं."

मग लढाई संपली, पेट्रोल मोकळं झालं, भट्ट्या भंगारात गेल्या. तुम्ही मोठे झालात आणि पहिली नोकरी शोधलीत ती बंकवर. मला हे त्या दिवशी पहिल्यांदा नीट जुळलं. "लोकं म्हणत्यात पेट्रोलनं वेग दिला," तुम्ही ताट पुसत म्हणालात. "वेग नक्को सांगू मला. पेट्रोलनं माणसाला संध्याकाळी घरी यायला दिलं." बसगाड्यांना पुढे डिझेल लागलं, पण तुमच्या लेखी तो पेट्रोलचा चुलतभाऊच होता. बंकवर उभं राहून तुम्ही शहर बदलताना बघितलंत. आधी डॉक्टर आणि वकिलांच्या मोटारी. मग नंबर लावून, वर्षानुवर्षं वाट बघून घेतलेल्या स्कूटरी. पुढे पोर उभं, मधे बाप, मागे आडवी बसलेली आई, तिच्या मांडीवर तान्हं. सकाळी बायकोला माहेरी सोडून संध्याकाळी घेऊन येणारे जावई. "माझ्या आजीला सांगितलं असतं ना, की लेक दुपारी माहेरी जेवून दिवेलागणीला सासरी परत येती," तुम्ही म्हणायचात, "तर म्हातारी हसली असती. म्हणली असती, उडून जाती काय?"

आणि मग मी. मला जामबागेतल्या शाळेत नोकरी लागली. दोन बस बदलायच्या, त्यातली दुसरी वेळेवर येईल याची शाश्वती नाही. पहिल्या महिन्यात सात वेळा उशीर झाला, मुख्याध्यापिकाबाईंनी बोलावून समज दिली. मी घरी येऊन म्हटलं, नोकरी सोडते. सासूबाईंना सुटल्यासारखं झालं असावं. चार दिवसांनी दारात एक जुनी मोपेड उभी होती, तुम्ही बंकच्या एका गिऱ्हाइकाकडून घेतलेली. सासूबाई म्हणाल्या, "सुनेनं त्याच्यावर फिरायचं? लोक काय म्हणतील?" तुम्ही बूट काढता काढता म्हणालात, "रिक्षावाल्याच्या मागं बसून गेलेली चालती. सोताची सोता गेलेली कायको चालत नाही?" सासूबाईंनी त्या दिवशी आमटीत मीठ घातलं नाही. तुम्ही ती मुकाट्यानं जेवलात, मलाही डोळ्यांनी जेव म्हणालात.

डोमलगुड्याच्या मोकळ्या रस्त्यावर, रविवारी सकाळी, तुम्ही माझ्या मागे पळत होतात. पन्नाशी ओलांडलेला माणूस, धोतर नाही म्हणून बरं. "हल्लू, हल्लू," तुमचा एकच घोषा. मी पडले, गुडघा फुटला, मी रडले. तुम्ही आधी मोपेड उचललीत, टाकीचं झाकण घट्ट आहे का ते बघितलंत आणि मग माझ्याकडे वळलात. "गुडघ्याला कातडं परत येतंय. सांडलेलं पेट्रोल येत नाही." मला इतका राग आला की त्या रागात मी उठले आणि सरळ रेषेत शंभर पावलं गाडी नेली. तुम्हाला तेच हवं होतं बहुतेक.

त्याच रस्त्यावर तुम्ही मला कॉक शिकवलात. सीटखालची ती छोटी कळ: चालू, बंद, रिझर्व्ह. "रिझर्व्ह हे परतीचं पेट्रोल. त्याच्यावर जायचं नसतंय, त्याच्यावर यायचं असतंय." पुढे तुम्ही मला नळी कशी सोडवायची, प्लग कसा पुसायचा, टाकी कशी उपसायची तेही शिकवलंत. तुमची गिअरची स्कूटर मात्र मी शिकले नाही. "शीक ग, एक दिवस लागतोय," तुम्ही दर वर्षी म्हणायचात. मी म्हणायचे, मला काय करायचंय. टाकी उपसायचं शिक्षण पुढे कशाला कामी येणार आहे हे तुम्हालाही माहीत नव्हतं आणि मलाही.

मुक्तानं, तुमच्या नातीनं, पहिल्या पगाराच्या जोरावर विजेवरची स्कूटर घेतली तेव्हा आपलं भांडण झालं. हे तिला वाचून दाखवावं लागेल, मराठी छापील पान पुढे ठेवलं तर ती दोन ओळींत जांभई देते. तुम्ही त्या स्कूटरभोवती दोन चकरा मारल्यात, टाकीचं झाकण शोधलंत, नाही म्हटल्यावर हात मागे बांधून उभे राहिलात. "आवाज नाही, वास नाही. घरचं माणूस आलं हे कळणार कसं?" मुक्ता हसली. मी नाही हसले. मला तेव्हा नुकताच दम्याचा पंप लागला होता, डॉक्टरांनी धूर टाळा म्हणून सांगितलं होतं, आणि मी जेवणाच्या पानावर म्हणाले, "बरं होईल तुमचं पेट्रोल गेलं तर. सगळं शहर काळं करून ठेवलंय."

तुम्ही घास खाली ठेवलात. "तू शाळेत कशावर गेलीस?"

"म्हणून काय जन्मभर त्याची आरती करू?"

बोलले मी असं. तुम्ही ताटाभोवती पाणी फिरवून उठलात. ते भांडण तसंच राहिलं नाना. आज तुम्ही समोर असतात तर मी म्हटलं असतं, माझा दमा खरा आहे आणि माझी शाळाही खरी आहे. धुरानं छाती भरली, पण त्याच धुरामागे बसून मी माझ्या पायावर उभी राहिले. यातलं एक खरं मानायचं म्हणून दुसरं खोटं ठरवता येत नाही. हे एवढं साधं वाक्य मला तेव्हा सुचलं नाही. तुम्हीही अडून राहिला नाहीत म्हणा. पंधरा दिवसांनी मुक्ताच्या मागे बसून क्रॉसरोडपर्यंत जाऊन आलात आणि म्हणालात, "गुळगुळीत जाती. दूध उतू जातानाही याच्यापेक्षा आवाज होतोय."

आता त्या दिवसाकडे येते.

पंच्याऐंशी झाली होती तुम्हाला. डाव्या डोळ्यानं कमी दिसत होतं आणि तुम्ही ते लपवत होतात, जिन्यावर हात टेकून. चिक्कडपल्लीच्या बाजारात एका शाळकरी मुलीच्या सायकलला तुमचा धक्का लागला. मुलीला खरचटलं, फार काही नाही. तिच्या आईनं तुम्हाला हात जोडले, म्हणाली, "तातागारू, मीरु इंका नडपकंडी." आजोबा, आता चालवू नका. घरी आल्यावर तुम्ही गॅलरीत बसलात आणि संध्याकाळपर्यंत उठला नाहीत. मला वाटलं, संपलं, आता स्वतःच किल्ली ठेवतील. दुसऱ्या दिवशी सकाळी काठी टाकीत बुडली. "दीड लिटर हाय. जाऊन येऊन होतंय."

तुमच्या लेकाला मी म्हटलं, "तुम्ही सांगा नानांना." तो म्हणाला, "माझ्याच्यानं नाही व्हायचं. तूच काय ते बघ." सगळ्या जगाशी बोलणारा तुमचा लेक, बापापुढे त्याची जीभ टाळूला चिकटते. मी तरी कुठली शूर? मला तुमच्यासमोर बसून म्हणता आलं असतं, नाना, आता पुरे, मला भीती वाटते. तुम्ही चिडला असतात, दोन दिवस जेवला नसतात, आणि मग ऐकलं असतंत. पण मला तुमचं तोंड बघवलं नसतं. ज्या माणसानं माझ्यामागे धावत मला चालवायला शिकवलं, त्याला मी कुठल्या तोंडानं सांगू की आता थांबा?

म्हणून मी दुपारी खाली गेले. नळी सोडवली, कॅन धरला, कॉक रिझर्व्हवर फिरवला. तुम्ही शिकवल्याबरहुकूम. दीड लिटर, थेंब सांडला नाही. सगळं कॅनमध्ये आल्यावर प्रश्न पडला, याचं काय करायचं. मोरीत ओतायला हात धजेना. सांडलेलं पेट्रोल परत येत नाही, हे तुम्ही माझ्या फुटलेल्या गुडघ्यावर लिहून ठेवलं होतं. मग मी ते माझ्या बिनगिअरच्या स्कूटरच्या टाकीत ओतलं. तुमच्या जुन्या गाडीच्या पेट्रोलात ऑइल मिसळलेलं असतं, आणि तुम्ही तर ते हात सैल सोडून घालायचात. माझ्या नव्या गाडीला ते चालत नाही, हेही मला माहीत होतं. म्हटलं, दीड लिटरानं काय होतंय.

चार वाजता तुम्ही उठलात तेव्हा माझी गोष्ट रचून तयार होती. खाजाभाई इकडून चालला होता, मी गाडी दाखवली, इंजिन जाम आहे म्हणाला, टाकी उपसून ठेवली, पार्ट मिळत नाही, मागवतो म्हणाला. एका दमात सांगितलं. तुम्ही खाली गेलात. मी वरून बघत होते. तुम्ही स्कूटरपाशी उभे राहिलात, हातानं किकचा दांडा एकदा खाली दाबलात, सोडलात. वर आलात. "असं का," म्हणालात. "बरं." आणि चहा मागितलात.

पुढचे आठ दिवस माझी गाडी निळसर धूर सोडत होती. तुम्ही गॅलरीतून म्हणालात, "सूनबाई, तुझी बंडी धूर टाकायली. खाजाला दाखव." मी चरकले. पण तुमच्या तोंडावर काही नव्हतं. मी गौलीगुड्याला गेले. खाजाभाईनं टाकी उघडली, वास घेतला, माझ्याकडे बघितलं आणि मान खाली घालून प्लग काढायला लागला. मी चाचरत म्हटलं, "खाजाभाई, नानांनी विचारलं तर त्यांच्या गाडीचं इंजिन जाम आहे म्हणून सांगाल? पार्ट मिळत नाही म्हणून?" तो वर न बघता म्हणाला, "बोल दूँगा अम्मा. फिकर नक्को करो." मला नवल वाटलं, काही विचारलं नाही, का म्हटलं नाही. मनात म्हटलं, माणूस चांगला आहे.

मग ते शनिवार. तुम्ही रोज सकाळी खाली जाऊन स्कूटर पुसायचात, आरसासुद्धा. काठी मात्र पुन्हा हातात घेतली नाहीत, ती डिकीत ठेवून दिलीत. आणि शनिवारी प्रश्न. सणासुदीला शनिवार आला तर मी मनात म्हणायचे, आज विसरू देत. तुम्ही विसरला नाहीत. शेवटच्या शनिवारी तुम्हाला उठून बसवत नव्हतं. मी तुम्हाला पेज भरवत होते. "पार्ट आला का?" मला अगदी ओठांवर आलं होतं. चमचा तिरका झाला, पेज तुमच्या सदऱ्यावर सांडली. तुम्ही माझ्याकडे बघत राहिलात, मग म्हणालात, "नसंल आला. ऱ्हाऊ दे." मी सदरा पुसत बसले.

आज तुमचा लेक म्हणाला, स्कूटर भंगारात देऊन टाकू. मी म्हटलं, आधी खाजाभाईला विचारते. ट्रॉली ऑटोत चढवून गौलीगुड्याला नेली. खाजाभाईची दाढी आता पांढरी झाली आहे. तुम्ही गेल्याचं त्याला कळलं होतं, त्यानं स्टूल पुसून दिलं, चहा मागवला. मला वाटलं, निदान एका माणसासमोर तरी खरं बोलावं. मी म्हटलं, "खाजाभाई, या गाडीचं इंजिन जाम नाही."

तो म्हणाला, "मालूम है अम्मा."

मग त्यानं विचारलं, "जाम इंजन का किक नीचे जाता क्या?" जाम इंजिनाची किक जागची हलत नाही म्हणे. हे बंकवर आयुष्य काढलेल्या माणसाला माहीत नसेल? तुम्ही तो दांडा हातानं दाबलात आणि तो सरळ खाली गेला, तेव्हाच तुम्हाला कळलं होतं. माझ्या गाडीचा धूर तर तुम्ही नाकानं ओळखला असणार. तुमचंच पेट्रोल, तुमचंच ऑइल, सुनेच्या बुडाखालून निघून गल्लीभर पसरलेलं.

तुम्ही दुसऱ्याच दिवशी ऑटो करून त्याच्याकडे गेला होतात. खाजाभाई म्हणाला, "साब आए, पूछे, तू मेरे घर आया था क्या? मैं बोला, नै साब. तो साब बैठ गए. इसीच स्टूलपे." मग तुम्ही त्याला जे सांगितलंत ते त्यानं मला तुमच्याच शब्दांत सांगितलं. मी ते जसंच्या तसं लिहिते, त्यात माझी लाल शाई नको.

"मेरी बहू झूठ नै बोलती खाजा. पैली बार बोली. उसका झूठ गिरने नक्को दे."

नाना, मी त्या गॅरेजात, ग्रीसच्या डब्यांमध्ये बसून, सगळ्या रस्त्यादेखत रडले. खाजाभाई पाठ करून उभा राहिला, गिऱ्हाइकाला म्हणाला, बाद में आओ.

म्हणजे मी ज्या दिवशी त्याला खोटं बोलायला सांगायला गेले, त्याच्या आधीच तुम्ही त्याला सांगून ठेवलं होतंत. मला धूर टाकायली म्हणून त्याच्याकडे धाडलंत तेही गाडी बिघडू नये म्हणून. माझी गाडी. तुमची तर मी बंद केली होती.

एकच मला कळत नाही, आणि आता ते विचारायला कुणी नाही. सगळं माहीत होतं तर दर शनिवारी विचारत का होतात? मी खरं सांगावं म्हणून वाट देत होतात, की मला संशय येऊ नये म्हणून नाटक चालू ठेवत होतात? की तुमचीच तेवढी करमणूक होती, पुणेरी मास्तरीण कशी ओट्याकडे तोंड करते ते बघायची? तिन्ही तुम्हाला शोभतं. मला रागही येतो आहे. तीन वर्षं मला एकटीला जाळलंत असं वाटतं, आणि पुढच्याच क्षणी कळतं की मी एकटी नव्हतेच. तुम्हीही तेच खोटं माझ्या बरोबरीनं उचलत होतात, पंच्याऐंशीव्या वर्षी, घरात बसून.

कदाचित त्या सायकलवाल्या मुलीनंतर तुम्हालाही भीती वाटत होती आणि सांगता येत नव्हतं. मग सून खोटं बोलली ते बरंच झालं असंही तुम्हाला वाटलं असेल. पण हे मी माझ्या सोयीचं बोलते आहे, असं तुम्ही लगेच म्हणाला असतात.

खाजाभाईनं कार्ब्युरेटर धुतला, प्लग बदलला. "पेट्रोल कित्ता डालूँ अम्मा?" मी म्हटलं, "दीड लिटर. ऑइल घालून." डिकीतून तुमची काठी काढली, टाकीत बुडवली, उजेडात धरली. खाचेला बरोबर लागलं होतं. मग मी ती नाकाशी नेली. कशासाठी नेत होतात ते आज कळलं. माझ्या डोळ्यांसमोर डोमलगुड्याचा रस्ता आला आणि मागे तुमच्या चपलांचा आवाज.

तिसऱ्या किकला सुरू झाली. भसकन धूर आला, मला ठसका लागला, दम्याचा पंप तोंडात घ्यावा लागला, आणि मी हसत होते आणि रडत होते, हे सगळं एकदम. गल्लीतला एक म्हातारा फळवाला थांबून म्हणाला, "साब की गाड़ी?" आवाजावरून ओळखली त्यानं. मुक्ताच्या गाडीबद्दल तुम्ही म्हणाला होतात ना, घरचं माणूस आलं हे कळणार कसं.

खाजाभाई म्हणाला, "चलाओ अम्मा." मी म्हटलं, "मला गिअर येत नाहीत." तो म्हणाला, "एक दिन का काम है." तुमचंच वाक्य. त्यानं मला मागे बसवून चिक्कडपल्लीपर्यंत सोडलं, गल्लीच्या तोंडाशी गाडी माझ्या हातात दिली आणि बसनं परत गेला. उद्या सकाळी तो डोमलगुड्याच्या रस्त्यावर येणार आहे. मुक्ताही येते म्हणाली, माझ्या मागे पळायला. ती पळेल असं वाटत नाही, पण येऊ दे. भंगारवाल्याला मी नाही म्हणून सांगितलं आहे.

घरी आल्यावर टाकी मोजली. एक लिटरच्या वर आहे. उद्या जाऊन येऊन होईल.

आणि आज शनिवार आहे, म्हणून सांगते. पार्ट लागतच नव्हता, नाना. तुम्हाला माहीत होतं.